देवी नागनिका आणि नाणेघाटाच्या लेखातील वासुदेव-नाम

श्रीकृष्णचक्रवर्तींचे वासुदेव हे नाम दक्षिणापथातील ज्या अतिप्राचीन शिलालेखांत आढळते, त्यांत जुन्नरजवळच्या नाणेघाटातील लेखाचे स्थान फार वरचे आहे. हा लेख एका राणीचा आहे. सातवाहन कुळातील श्रीसातकर्णी राजाची पट्टराणी देवी नागनिका हिच्या जीवनाचा वृत्तांत त्यात कोरलेला असून लेखाच्या आरंभी ज्यांना नमन केले आहे त्यांत संकर्षण व वासुदेव ही नावे स्पष्ट आहेत. जुन्नर-आंबेगाव भागात जाणारे आपले वासनिक घाटातील लेणे पाहून येतात आणि मग विचारतात की, ही राणी श्रीकृष्णाची भक्त होती काय? प्रश्न साधा वाटतो, परंतु त्याचे उत्तर देताना देवता व परमेश्वर यांतील भेद नीट ध्यानी घ्यावा लागतो. म्हणून प्रथम राणीचे चरित्र जेवढे ज्ञात आहे तेवढे सांगून नंतर त्या नमनाचा विचार करू.

जुन्नर आणि आंबेगाव हे पुणे जिल्ह्याच्या उत्तरेचे दोन शेजारी तालुके. दोहोंचा पश्चिम भाग सह्याद्रीच्या माथ्यावर असून तेथून कुकडी, मीना व घोड या नद्या पूर्वेकडे वाहत जातात व त्यांचे पाणी अखेर भीमेस मिळते. आंबेगाव ज्या गावाच्या नावाने ओळखला जातो ते जुने गाव डिंभे धरणाच्या पाण्याखाली गेले, आणि तालुक्याचा कारभार घोडेगावाहून चालतो. कोकणातून वर येण्याच्या वाटा या भागात पुष्कळ आहेत. भीमाशंकराच्या बाजूनेही माणसे चढत-उतरत आली आहेत. परंतु बैलांचे तांडे नेण्याजोगा राजमार्ग एकच, तो नाणेघाट. पायथ्याशी वैशाखरे, माथ्यावर घाटघर, आणि मध्ये डोंगर फोडून काढलेली अरुंद खिंड. कल्याण व सोपारा या बंदरांत उतरलेला माल या खिंडीतून जुन्नरास येई आणि पुढे प्रतिष्ठानास, म्हणजे आपल्या पैठणास, जाई. माथ्यावर दगडाचा एक मोठा रांजण आहे; त्यात जकातीचे नाणे टाकीत असे लोक सांगतात. जीवधन, चावंड, हडसर व शिवनेरी हे दुर्ग या वाटेच्या आसपासच उभे आहेत. ज्याच्या हाती हा घाट त्याच्या हाती दक्षिणेचे धन, अशी त्या काळची स्थिती होती. राणीने आपला वृत्तांत राजधानीत न कोरविता येथे कोरविला याचे कारण याहून वेगळे शोधावयास नको. देशोदेशीचे वाटसरू ज्या जागी श्वास घ्यावयास थांबत, त्या जागी तिने तो ठेवला.

खिंडीच्या तोंडाशी असलेल्या लेण्याच्या डाव्या व उजव्या भिंतींवर ब्राह्मी लिपीत प्रत्येकी दहा ओळी आहेत. अनेक जागी अक्षरे पावसाने व माणसांच्या हातांनी झिजली आहेत. इ. स. १८२८ मध्ये साइक्स या इंग्रज अधिकाऱ्याच्या दृष्टीस हा लेख पडला. पुढे पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी त्याचे बारकाईने वाचन केले आणि १८८३ साली ब्यूलर यांनी त्याचा पाठ व अनुवाद प्रसिद्ध केला. काळाविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. ब्यूलर यांनी तो इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या शतकात नेला, तर नंतरच्या बहुतेक विद्वानांनी पहिल्या शतकात आणला. सर्वज्ञ श्रीचक्रधर स्वामींच्या महाराष्ट्रातील संचारापूर्वी किमान बाराशे वर्षे हा लेख या डोंगरात होता, एवढे आपल्या कामापुरते पुरे.

नागनिका ही एका महारठीची कन्या. महारठी हे त्या काळी मोठ्या सरदाराचे पद होते. तिच्या पित्याचे कुळ अंगिय या नावाने लेखात आले असून, लेण्यातील नामपट्टांवरून अभ्यासक तिचा पिता त्रणकयिर हा होय असे मानतात. सातवाहनांचे राज्य तेव्हा नवे होते. सिमुक हा त्या वंशाचा मूळ पुरुष. त्यानंतर कान्ह म्हणजे कृष्ण हा राजा झाला, ज्याच्या महामात्राचा लेख नाशिकच्या लेण्यांत आहे. त्यानंतर सातकर्णी. अशा नव्या राजकुळास स्थानिक महारठींचे साह्य हवे होते, आणि महारठीच्या घरातून सून आणल्याने ते मिळाले. हा विवाह राजनीतीचा होता यात संशय नाही. पण सासरी येऊनही या मुलीने माहेर पुसून टाकले नाही. आपल्या लेखात ती पित्याचे कुळ सांगते, आणि राजघराण्याच्या प्रतिमांच्या रांगेत पित्यासही बसविते. राजवंशाच्या चित्रशाळेत राणीच्या बापाला स्थान मिळाल्याची उदाहरणे आपल्याकडे किती दाखविता येतील? पुढे याच वंशातील राजे गौतमीपुत्र, वासिष्ठीपुत्र असे मातेच्या नावाने ओळखले जाऊ लागले. त्या रीतीचे बीज येथे आहे असे निश्चयाने म्हणता येणार नाही, तथापि या घराण्यात स्त्रीचे कुळ झाकले जात नव्हते हे उघड आहे.

सातकर्णी पराक्रमी होता. लेखात त्यास दक्षिणापथाचा स्वामी म्हटले असून त्याचे चक्र कोठे अडले नाही असे वर्णन आहे. कलिंगाच्या खारवेल राजाने आपल्या हाथीगुंफेच्या लेखात सातकर्णी नावाच्या राजाची पर्वा न करता पश्चिमेस सेना धाडल्याचे सांगितले आहे, आणि तो हाच सातकर्णी असे पुष्कळांचे मत आहे. राजा व राणी या दोघांची नावे असलेले नाणे महामहोपाध्याय मिराशी यांनी प्रसिद्ध केले होते. लेण्यातील नामपट्टात तर देवी नागनिकेचे नाव आधी आणि राजा सातकर्णीचे नंतर आहे.

पतीबरोबर तिने केलेले यज्ञ हा या लेखाचा मोठा भाग. त्यांची नामावळी वाचताना आजच्या वाचकाची छाती दडपून जाते. अग्न्याधेय, राजसूय, एक नव्हे दोन अश्वमेध, आप्तोर्याम, गवामयन, अंगिरसांच्या नावाचे यज्ञ, दशरात्र, त्रयोदशरात्र, शतरात्र आणि आणखी कितीतरी. वैदिक विधीत यजमानाच्या शेजारी पत्नी असल्याखेरीज कर्म पुरे होत नाही, म्हणून हे यज्ञ जितके राजाचे तितकेच राणीचे. आणि प्रत्येकाच्या पुढे दक्षिणेचा हिशेब आहे. अग्न्याधेयास १२ गाई व १ घोडा, इतक्या साध्या आरंभापासून आकडे चढत जातात. एका ठिकाणी १,७०० गाई व १० हत्ती, दुसऱ्या ठिकाणी ११,००० गाई व १,००० घोडे. एका यज्ञात २४,४०० कार्षापण दक्षिणा आणि पाहावयास आलेल्यांना व सेवकांना वेगळे ६,००१. १०,००१ गाईंचे दान तर एकाहून अधिक वेळा आले आहे. हे आकडे शब्दांनी नव्हे, अंकांच्या चिन्हांनी कोरले आहेत, आणि भारतीय अंकलेखनाच्या अगदी आरंभीच्या नमुन्यांत त्यांची गणना होते. गणिताचे अभ्यासक यासाठीच या लेण्यात येतात. आपल्या दृष्टीने पाहिले तर मात्र मनात दुसराच विचार येतो. घाटातून चढणाऱ्या बैलाच्या पाठीवरील प्रत्येक गोणीवर जी जकात बसे तिचेच हे कार्षापण. आणि गोठ्यांतून निघालेल्या त्या सहस्रावधी गाई याच कुकडी-घोडेच्या खोऱ्यांत चरल्या असतील. राजाचा यज्ञ हा प्रजेच्या घामाचाही यज्ञ असतो, ही गोष्ट लेखात लिहिलेली नाही. ती वाचणाऱ्याने जाणावयाची असते.

यानंतर चरित्राचे वळण येते. सातकर्णी निवर्तला आणि राणी मागे राहिली. पुत्र लहान होते. वेदिश्री व शक्तिश्री अशी दोघांची नावे अभ्यासक वाचतात. मुलगा वयात येईतो राज्याचा भार नागनिकेने वाहिला असे इतिहासकार मानतात. लेखात वेदिश्रीस कुमार व राजा अशी दोन्ही विशेषणे लाविली आहेत, त्यांवरूनही तेच सुचते. नवे राज्य, ताबा घेण्यास टपलेले शेजारी आणि देशाचे नाक असलेला हा घाट, एवढे सांभाळून तिने ते मुलाच्या हाती दिले. त्या काळच्या एका विधवेच्या दृष्टीने हे लहान कार्य नव्हे. तिने सहगमन केले नाही, आणि पतीच्या मागे जगल्याबद्दल लेखात कोठे संकोचाचा स्वरही नाही.

राजवैभव हाती असताना तिने स्वतःसाठी जे जीवन निवडले ते अधिक विचार करावयास लावणारे आहे. लेख सांगतो की ती महिना-महिना उपवास करी, घरात राहून तपस्विनीसारखी वागे, ब्रह्मचर्य पाळी, आणि दीक्षा, व्रते व यज्ञ यांत ती निष्णात होती. गृहतापसी असा तेथील शब्दाचा भाव आहे. घर सोडले नाही, पण घरात वैराग्याने राहिली. पुत्रासाठी राज्य सांभाळणारी माता आणि विषयांपासून परावृत्त झालेली साधक स्त्री या दोन भूमिका तिने एकत्र निभावल्या. आपल्या पंथात अनेक तपस्विनी होऊन गेल्या, त्यांत वैधव्यातून परमार्थाकडे वळलेल्याही आहेत; आद्य मराठी कवयित्री महदाइसा त्यांतलीच. त्यामुळे नागनिकेच्या या शब्दांपाशी आपले मन सहज थांबते. तिला विरक्तीची ओढ होती यात शंका घेण्याचे कारण नाही. उणे होते ते दुसरेच, आणि तेच नमनाच्या ओळीत दिसून येते.

लेखाच्या आरंभी धर्मास नमन आहे, नंतर इंद्रास. त्यानंतर संकर्षण व वासुदेव यांना. मग चंद्र व सूर्य यांना. आणि शेवटी यम, वरुण, कुबेर व वासव या चार लोकपालांना. वासव म्हणजे पुन्हा इंद्रच. एका रांगेत ही सर्व नावे आहेत. कोणी वर नाही, कोणी खाली नाही, आणि एकाचे दुसऱ्याशी नाते काय याचा निर्देशही नाही. संकर्षण आधी व वासुदेव नंतर हा क्रमही थोरल्या-धाकट्या बंधूंचा लौकिक क्रम आहे.

हे केवळ नाणेघाटातच आहे असे नाही. त्याच सुमारास राजस्थानात घोसुंडी येथील लेखात संकर्षण-वासुदेवांची पूजाशिळा व तिचे कुंपण यांचा उल्लेख आहे, आणि ते करविणारा राजाही अश्वमेध केलेला आहे. मध्य प्रदेशात बेसनगरला तक्षशिलेहून आलेल्या हेलिओदोर नावाच्या यवनाने देवाधिदेव वासुदेवाचा गरुडध्वज उभारला. म्हणजे इसवी सनापूर्वीच्या त्या दोन शतकांत श्रीकृष्णांचे नाम उत्तरेपासून दक्षिणेपर्यंत पोहोचले होते, आणि परदेशी माणसासही त्याची गोडी लागली होती. नामाचा हा प्रसार पाहून श्रीकृष्णभक्तास आनंद होणे स्वाभाविक आहे. तेवढ्यावरून नागनिकेस एकनिष्ठ श्रीकृष्णभक्त म्हणण्याचा मोहही होतो. तो आवरला पाहिजे.

आपल्या शास्त्राने जीव, देवता, प्रपंच व परमेश्वर हे चार पदार्थ वेगळे केले आहेत. देवता अनित्य फळ देणाऱ्या आहेत. त्यांची संख्या एक्याऐंशी कोटी सव्वा लक्ष दहा सांगितली असली तरी त्यांतील एकही जीवास मोक्ष देऊ शकत नाही. मोक्षाचा दाता एक परमेश्वरच. इंद्र, चंद्र, सूर्य, यम, वरुण, कुबेर हे सर्व देवतावर्गात येतात. त्यांच्या रांगेत श्रीकृष्णचक्रवर्तींचे नाव बसविणे म्हणजे राजाचे नाव त्याच्या द्वारपाळांच्या पटात लिहिणे होय. राणीने हे अनादराने केले नाही. तिच्या पुरोहितांच्या शिकवणीत याहून अधिक नव्हते. यज्ञकर्मास जितके देव साह्यकारी तितक्यांना वंदावे, आणि वासुदेव हे त्या काळी लोकांत मोठे झालेले नाव, तेही सोडू नये, असा हा व्यवहार आहे.

याविषयी स्वतः श्रीकृष्णचक्रवर्तींनी अर्जुनास जे निरूपिले ते नागनिकेच्या लेखाशेजारी ठेवून वाचण्याजोगे आहे. श्रीमद्भगवद्गीतेच्या नवव्या अध्यायात वेदविहित यज्ञ करणाऱ्यांची गती सांगितली आहे. ते सोमपान करून शुद्ध होतात, इंद्रलोकास जातात, तेथील विशाल भोग भोगतात आणि पुण्य सरले की मृत्युलोकात परत येतात. त्याच अध्यायात देवतांचे उपासक देवतांप्रत जातात आणि परमेश्वराचे भक्त परमेश्वराप्रत जातात असा निवाडाही आहे. दोन अश्वमेध, एक राजसूय आणि दहा-दहा सहस्र गाईंचे दान यांचे फळ कोठवर पोहोचेल, हे या श्लोकांनी मोजून दिले आहे. आणि ज्या श्रीकृष्णांनी व्रजातील गोपांचा इंद्रयाग मोडून गोवर्धनाकडे त्यांचे तोंड वळविले, त्यांचेच नाव इंद्राच्या मागोमाग कोरले जावे, हा योग विलक्षण खरा! अश्वमेधातील हिंसेविषयी तर अहिंसा हा ज्यांच्या आचाराचा पाया आहे त्या आपल्या पंथीयांना वेगळे सांगावयास नको.

मग तिच्या मासोपवासांचे काय? ब्रह्मचर्याचे काय? ज्ञानाविना केलेले तप देवताफळाकडे नेते, हे शास्त्राचे म्हणणे येथेही लागू आहे. पण हे म्हणताना आपल्या वाणीत कठोरता येऊ नये असे मला वाटते. ती ज्या काळात झाली त्या काळी तिला शब्दज्ञान देणारा कोणी भेटला नाही. श्रीकृष्णावतार होऊन गेला होता, सर्वज्ञांचे आगमन पुढे दूर होते. परमेश्वराचे नाम तिच्यापर्यंत आले, त्या नामाचा अर्थ आला नाही. जिच्यापाशी इतके वैराग्य होते तिच्यापाशी हे ज्ञान आले असते तर काय झाले असते, असा विचार तो लेख पाहताना मनात आल्यावाचून राहत नाही. आणि आपल्यापाशी दोन्ही ठेवून दिलेले असता आपण काय करतो, हाही त्याच्या मागोमाग येतो.

आणखी एक गोष्ट आपल्या वाचकांनी अवश्य ध्यानी घ्यावी. एवढे वैदिक यज्ञ करूनही राणीने आपला लेख संस्कृतात लिहविला नाही. तो प्राकृतात आहे. यज्ञांची नावे वेदातली, ऋत्विज वेदज्ञ, दक्षिणा शास्त्रोक्त. पण वाटसरूंना सांगावयाचे तेव्हा देशीची भाषा. पुढे कित्येक शतकांनी नागदेवाचार्यांनी केशिराजबासांना संस्कृत सोडून मराठीत ग्रंथरचना करावयास लाविली, कारण संस्कृतामुळे साध्या भोळ्या बाया ज्ञानास मुकतील ही त्यांची चिंता होती. दोन्ही प्रसंगांचे हेतू एक नव्हेत. राणीस राजकीर्ती सर्वांना कळावयास हवी होती, आचार्यांना ब्रह्मविद्या. तरी लोकांना कळावयाचे असेल तर लोकांच्या भाषेत बोलले पाहिजे, ही जाण या भूमीत किती जुनी आहे ते यावरून दिसते. आपल्या मराठीचे पूर्वज असलेल्या त्या प्राकृताचा हा एक वडीलधारा पुरावा आहे, आणि तो एका स्त्रीच्या वतीने बोलतो.

जुन्नरच्या आसमंतात याच शतकांत आणि पुढे बौद्ध भिक्षूंची लेणी मोठ्या संख्येने झाली. तुळजा, मानमोडी, शिवनेरी व गणेश लेणे येथे ती आजही आहेत. काहींना यवनांनी दाने दिली. यज्ञ करणाऱ्या राजांच्या राज्यात श्रमणांना अटकाव नव्हता. पुढे याच कुळातील गौतमी बलश्री या वृद्ध राजमातेने नाशिकला भिक्षूंना लेणे दान केले, तेव्हा आपल्या पुत्राची कीर्ती तिने त्यावर कोरविली. दोन राजमातांचे हे दोन लेख सातवाहनांच्या इतिहासाचे मुख्य आधार ठरले. बलश्रीचा लेख पुत्राच्या पराक्रमाने भरला आहे. नागनिकेच्या लेखात तिचे स्वतःचे व्रत आहे, म्हणून तो मला अधिक जवळचा वाटतो. ज्या प्रतिष्ठानाहून या वंशाने राज्य केले त्याच पैठणात पुढे आपल्या स्वामींनी वास्तव्य केले. तोवर सातवाहनांचे तेथे नावाखेरीज फारसे काही उरले नव्हते.

नाणेघाटाच्या लेण्यात मागील भिंतीवर राजकुळाच्या आठ प्रतिमा होत्या. सिमुक, नागनिका व सातकर्णी, कुमार भाय, महारठी त्रणकयिर, कुमार हकुश्री, कुमार सातवाहन अशी नावे त्यांच्या डोक्यांवर कोरलेली होती. प्रतिमा आज नाहीत. भिंतीच्या तळाशी पावलांच्या खुणा तेवढ्या राहिल्या आहेत, आणि वरची काही नावे. आपले वासनिक तेथे गेले की ती पावले पाहून सवयीने हात जोडू पाहतात. ती परमेश्वराच्या चरणांनी अंकित झालेली स्थाने नव्हेत, एका राजघराण्याच्या माणसांची पावले आहेत, हे त्यांना सांगावे. मग त्यांना डाव्या भिंतीपाशी नेऊन पहिल्या ओळीतील वासुदेव ही अक्षरे बोटाने दाखवावीत. पावसाळ्यात लेण्यात अंधार असतो, तेव्हा दिवा जवळ धरल्यावाचून ती दिसत नाहीत.